ग्रहणाचे कारण आणि ग्रहणाचा धर्म

ज्या घटनेचे कारण मनुष्यास ठाऊक नसते तिच्यापुढे तो हात जोडतो, आणि कारण उमगले म्हणजे जोडलेले हात आपोआप सुटतात, असा एक समज रूढ आहे. हा समज खरा मानला तर ज्ञान वाढेल तसतशी श्रद्धा क्षीण झाली पाहिजे. आणि श्रद्धा टिकवावयाची असेल तर ज्ञानास उंबऱ्याबाहेरच थोपविले पाहिजे. पेडणे व डिचोली महालांतील आपल्या घराघरांतून ग्रहणाच्या दिवशी जो लहानसा वाद उद्भवतो, त्याच्या मुळाशी हाच समज असतो. वडील माणसे म्हणतात, ‘गिराण लागले आहे, आता काही तोंडात घालू नका.’ शाळा-कॉलेजात शिकणारी मुले म्हणतात, ‘ती तर सावली आहे, सावलीस कसले भ्यावयाचे?’ दोघेही आपापल्या जागी ठाम असतात. दोघांचेही थोडे खरे आहे आणि दोघांचेही थोडे सुटलेले आहे, असे आम्हांस वाटते. म्हणून ह्या प्रश्नाचा शांतपणे विचार करणे अगत्याचे आहे.

प्रथम घटना काय असते ती पाहू. ७ सप्टेंबर २०२५ रोजी, भाद्रपद पौर्णिमेस, सबंध भारतातून दिसण्याजोगे खग्रास चंद्रग्रहण झाले. रात्री ९ वाजून ५७ मिनिटांनी स्पर्श झाला, ११ च्या सुमारास चंद्रबिंब पूर्णपणे छायेत गेले, ८२ मिनिटे ते तसेच राहिले, आणि १ वाजून २६ मिनिटांनी मोक्ष झाला. चंद्रग्रहणाचा वेध तीन प्रहर आधी लागतो ह्या नियमाने दुपारी एकच्या सुमारासच वेध लागले होते. ही सर्व वेळापत्रके कित्येक महिने आधी पंचांगांत छापली गेली होती आणि आकाशात सर्व काही त्या वेळांबरहुकूम घडले. इतकेच नव्हे, तर १८ वर्षे, ११ दिवस आणि सुमारे ८ तास एवढा काळ लोटला म्हणजे सूर्य, चंद्र व पृथ्वी पुन्हा जवळजवळ त्याच स्थितीत येतात, हेही गणितज्ञांस फार प्राचीन काळापासून ठाऊक आहे. म्हणजे त्या रात्रीच्या ग्रहणाचे भावंड २०४३ च्या सप्टेंबरात येणार, हे आजच सांगता येते. दर पौर्णिमेस ग्रहण का होत नाही, ह्याचेही उत्तर सरळ आहे. चंद्राची कक्षा पृथ्वीच्या कक्षेशी सुमारे ५ अंशांनी कललेली आहे. ह्या दोन कक्षा जेथे परस्परांस छेदतात त्या दोन बिंदूंस ज्योतिषी राहू आणि केतू म्हणतात. पौर्णिमेचा चंद्र ह्या बिंदूंच्या निकट असेल तरच तो पृथ्वीच्या छायेत सापडतो.

येथे एक गोष्ट ध्यानात घेण्यासारखी आहे. ग्रहण म्हणजे छाया, हे ज्ञान पाश्चात्त्यांनी परवा आणून दिलेले नव्हे. इसवी सन ४९९ मध्ये रचलेल्या आपल्या ग्रंथात आर्यभटाने चंद्रास पृथ्वीची छाया झाकते व सूर्यास चंद्र झाकतो, असे स्वच्छ सांगितले आहे. सहाव्या शतकात वराहमिहिराने ‘बृहत्संहिते’त हेच कारण देऊन, राक्षस चंद्रास गिळतो ह्या कल्पनेचे युक्तिवादपूर्वक खंडन केले. आपल्या कोकणातील नांदगावचे गणेश दैवज्ञ ह्यांनी १५२० च्या सुमारास ‘ग्रहलाघव’ लिहिला. त्या ग्रंथाने गणित इतके सुलभ केले की पुढे कित्येक शतके मराठी मुलखातील पंचांगे त्यावरूनच तयार होत असत. तेव्हा ज्या जोशीबुवांनी आपल्या पणजोबांस ग्रहणाची घटिका सांगितली, त्यांचे गणित छायेचे होते, राक्षसाच्या भुकेचे नव्हते. गिळणाऱ्याची भूक गणिताने सांगता येत नाही; छायेची गती सांगता येते.

मग ज्ञान असूनही समाजात भय का राहिले? ह्याचे उत्तर शोधताना सातव्या शतकातील एका थोर पुरुषाचा प्रसंग विचारात घेण्याजोगा आहे. ब्रह्मगुप्ताने ६२८ साली ‘ब्राह्मस्फुटसिद्धांत’ लिहिला. त्यातील ग्रहणाचे गणित छायेवरच आधारलेले आहे. परंतु त्याच ग्रंथात त्याने, राहू हे ग्रहणाचे कारण नव्हे असे म्हणणाऱ्या आर्यभटादिकांवर, ते स्मृतींच्या विरुद्ध बोलतात म्हणून टीका केली. पुढे १०३० च्या सुमारास अल्बेरुणी ह्या परदेशी पंडिताने भारतावर ग्रंथ लिहिताना हे स्थळ वाचले आणि त्यास मोठा खेद झाला. एवढा गणिती आपल्या अंतःकरणास ठाऊक असलेल्या गोष्टीविरुद्ध का बोलला असेल, असा त्याने प्रश्न केला. आणि सॉक्रेटिसावर जसा प्रसंग आला तशाच एखाद्या आपत्तीच्या भयाने तो बोलला असावा, असा तर्क केला. अल्बेरुणीचा तर्क बरोबर असेल वा नसेल. ब्रह्मगुप्ताच्या मनात काय होते, हे कोणी सांगावे? परंतु त्या प्रसंगातून उभा राहणारा प्रश्न आजही आपल्या दाराशी उभा आहे. लोकांची श्रद्धा दुखावू नये म्हणून जाणत्याने सत्य झाकावे काय? श्रद्धेचे रक्षण असत्याने होते काय?

आमच्या मते होत नाही. असत्याच्या आधाराने उभी असलेली श्रद्धा पहिल्या शहाण्या मुलाच्या पहिल्या प्रश्नानिशी कोसळते. आणि कोसळताना आपल्याबरोबर घरातील चांगल्या गोष्टीही घेऊन जाते. ‘राहू गिळतो हे खोटे, तर मग आजीचे जप करणेही खोटे’ असा निष्कर्ष मूल काढते. हा त्या मुलाचा दोष नव्हे. दोन निराळ्या गोष्टी एकाच गाठोड्यात बांधून आपणच त्याच्या हाती दिल्या, हा आपला दोष होय.

परंतु ह्याच्या उलट बाजूसही एक भ्रम आहे. केवळ कारण ठाऊक झाले म्हणजे मनुष्य सुज्ञ झाला, असे मानण्याचा तो भ्रम. १५०४ च्या फेब्रुवारीत कोलंबस जमैका बेटावर अडकून पडला होता. तेथील रहिवाशांनी त्यास अन्न पुरविणे बंद केले होते. २९ फेब्रुवारीच्या रात्री चंद्रग्रहण होणार, हे त्यास जवळच्या कोष्टकांवरून कळले होते. ‘माझा देव तुमच्यावर कोपला आहे, तो चंद्र हिरावून घेईल’ असे भय घालून त्याने त्या लोकांकडून अन्न मिळविले. ग्रहणाचे कारण कोलंबसास ठाऊक होते. त्या बेटावरील लोकांस नव्हते. त्या रात्री अधर्म कोणाच्या हातून घडला, हे सांगावयास नको. ज्ञान हा दिवा आहे. त्याच्या उजेडात पोथीही वाचता येते आणि चोरीही करता येते. म्हणून कारण कळल्यावर धर्माचा प्रश्न संपत नाही. तो तेथून सुरू होतो.

आता मूळ प्रश्नाकडे वळू. कारण कळल्यावर ग्रहणाच्या पर्वकाळात काही अर्थ उरतो काय? येथे ‘कारण’ आणि ‘निमित्त’ ह्या दोन शब्दांतील भेद पाहिला म्हणजे वाट दिसू लागते. तिन्हीसांजेस आपण तुळशीपाशी दिवा लावतो. दिवा न लावल्यास सूर्य उद्या उगवणार नाही, असे कोणी मानत नाही. सूर्यास्त हे दिव्याचे निमित्त आहे. संक्रांतीचे उदाहरण तर अधिक बोलके आहे. सूर्याचे उत्तरेकडे वळणे प्रत्यक्षात २१-२२ डिसेंबरास होते आणि संक्रांत अयनचलनामुळे जानेवारीच्या १४-१५ तारखेपर्यंत सरकली आहे. म्हणून तिळगूळ वाटणे खोटे ठरले काय? गोड बोलावयाचे ते बोलावयाचेच. दिवस हे त्याचे निमित्त. आपल्या पेडण्यास कोजागिरीच्या रात्री पुनवेचा उत्सव भरतो, तेव्हा चंद्रावर मनुष्य जाऊन आला आहे हे तेथे जमलेल्या प्रत्येकास ठाऊक असते. त्यामुळे त्या चांदण्याची शोभा तिळमात्र कमी होत नाही.

तद्वत् ग्रहण हेही एक निमित्त होऊ शकते. परंतु कोणतेही निमित्त कोणत्याही कृत्यास पुरत नाही. परंपरेने हाती आलेल्या आचारास तीन प्रश्न विचारून पाहावेत, असे आम्ही सुचवितो. पहिला प्रश्न, हा आचार पाळण्यासाठी काही असत्य सांगावे लागते काय? दुसरा, त्याचा भार कोण वाहतो. जो स्वेच्छेने पाळतो तो, की ज्यास ‘नाही’ म्हणता येत नाही तो? आणि तिसरा, मनातील भय काढून घेतले तरी तो आचार उरतो काय?

पहिल्या प्रश्नाने आजकालची एक नवी खोड उघडी पडते. ग्रहणात अपायकारक किरण येतात म्हणून अन्न दूषित होते, आणि तुळशीपत्र वा दर्भ ठेवल्याने ते शुद्ध राहते, असे ‘शास्त्रीय’ कारण देण्याची पद्धत पडली आहे. ह्या म्हणण्यास कसलाही आधार नाही. चंद्रग्रहणात चंद्रावरून येणारा प्रकाश मंदावतो, एवढेच. पेजेच्या भांड्यावर त्याचा काही परिणाम होत नाही. सूर्यग्रहणाकडे मात्र उघड्या डोळ्यांनी पाहू नये, हे अक्षरशः खरे आहे, कारण त्याने डोळ्यांस कायमची इजा होऊ शकते. पण ती इजा सूर्य करतो, ग्रहण नव्हे. आणि चंद्रग्रहणास तर हा नियम मुळीच लागू नाही. पूर्वजांवरील प्रेमापोटी त्यांच्या तोंडी नसलेले विज्ञान घालणे हाही ब्रह्मगुप्ताच्या त्या प्रसंगासारखाच प्रकार आहे. फक्त पूर्वी स्मृतींच्या मानासाठी सत्य झाकले जाई, आता विज्ञानाच्या मानासाठी असत्य रचले जाते. अभिमानाच्या भरात असे नेहमी घडते. हेलियमचा शोध आपल्या विजयदुर्गावर लागला, असे कोकणात अनेकजण सांगतात. १८ ऑगस्ट १८६८ च्या खग्रास सूर्यग्रहणात गुंटूर येथून केलेल्या वेधांनी त्या शोधाची वाट मोकळी झाली, आणि त्याच वर्षी लॉक्यर ह्यांनी इंग्लंडातून ग्रहणावाचूनच सूर्यप्रकाशातील ती पिवळी रेषा तपासली. लॉक्यर विजयदुर्गावर आले ते २२ जानेवारी १८९८ च्या ग्रहणासाठी. आपल्या किनाऱ्यावरील त्या दुर्गावर जगातील नामवंत ज्योतिर्विद वेध घेण्यास आला, हे खरे वृत्त पुरेसे गौरवाचे आहे. त्यास आणखी दागिने चढविण्याची गरज नाही.

दुसरा प्रश्न भाराचा. आणि येथे विषय गंभीर होतो. ग्रहणाचा सर्वांत जड भार आपण गर्भवती सुनेवर टाकीत आलो आहोत. तिने विळीवर काही चिरू नये, सुई हाती धरू नये, झोपू नये, पाणीसुद्धा पिऊ नये, काळोख्या खोलीत स्वस्थ बसून राहावे. आणि पुढे दैवयोगाने मूल दुभंगलेल्या ओठाचे जन्मले तर सारा गाव त्या मातेस विचारतो, ‘गिराणात काय कापलेस?’ ही समजूत आपलीच नव्हे. मेक्सिकोतील प्राचीन लोकही मानीत की ग्रहणात चंद्राचा लचका तोडला जातो तसा गर्भाच्या ओठाचाही तोडला जातो, आणि त्यापासून रक्षण म्हणून गर्भवतीने पोटाशी काळ्या काचदगडाची सुरी बाळगावी. एका भूमीवर सुरी निषिद्ध, दुसरीवर सुरी हेच कवच! दोन्ही उपायांस एकाच वेळी खरे मानता येत नाही. गर्भाचा ओठ पहिल्या दोनतीन महिन्यांतच जुळतो. तो न जुळण्यास आनुवंशिकता, पोषणातील उणिवा, तंबाखू-धूम्रपान अशी अनेक कारणे असू शकतात, आणि शस्त्रक्रियेने तो उत्तम रीतीने दुरुस्त करता येतो. जिने काहीही केलेले नाही तिच्या माथी जन्मभराचा दोष मारणे, हे पाप कोणत्या पर्वकाळाच्या स्नानाने धुतले जाणार आहे?

येथे जुन्या नियमाची एक बाजू मुद्दाम सांगितली पाहिजे. पंचांगांत वेधाचा काळ देताना बाल, वृद्ध, आजारी, अशक्त व गर्भवती ह्यांच्यासाठी वेध उशिरा, थोड्याच वेळापुरते सांगितलेले असतात. म्हणजे नियम करणाऱ्यांनीच दुर्बलांची कीव केली होती. जो नियम दयेने शिथिल झाला, तो आम्ही भयाने आवळला. दयेच्या त्याच वाटेने आणखी एक पाऊल पुढे टाकून गर्भवतीस, मधुमेहाच्या रुग्णास, औषध वेळेवर घ्यावे लागणाऱ्या वृद्धास ह्या बंधनातून पूर्णपणे मोकळे केले, तर परंपरेचा भंग होत नाही. परंपरेचा अंतःस्थ हेतूच सिद्धीस जातो. सशक्त मनुष्याने स्वखुशीने उपोषण केले तर त्यास कोणाची हरकत असण्याचे कारण नाही.

तिसरा प्रश्न भयाचा. १६ फेब्रुवारी १९८० रोजी खग्रास सूर्यग्रहणाचा पट्टा आपल्या दक्षिणेस कारवार-अंकोल्याच्या परिसरातून गेला. त्या दिवशी मुंबईसारख्या शहरांतील रस्तेही ओस पडले होते. लोक दारे-खिडक्या लावून घरात बसले होते. ह्या लोकांपैकी किती जण त्या घटकेत ईश्वराचे स्मरण करीत होते आणि किती जण केवळ बाहेर जावयास भीत होते, ह्याचा ज्याचा त्याने विचार करावा. भयाने घरात बसणे आणि ध्यानासाठी आसनावर बसणे, दोन्ही बाहेरून सारखीच दिसतात. आतून त्यांत दिवस-रात्रीचे अंतर आहे.

‘भय काढून घेतले तर लोक काहीच पाळणार नाहीत,’ असा आक्षेप कित्येक वडीलधारे घेतात. त्यात तथ्य नाही असे नाही. पुष्कळ लोक खरोखरच सोडून देतील. परंतु भय जाताच जे गेले, ते भयच होते. त्यास धर्म समजून आपण इतके दिवस कुरवाळीत होतो. उरेल ते थोडे असेल, पण स्वतःच्या पायांवर उभे असेल.

ह्या तिन्ही प्रश्नांतून जे तावून सुलाखून निघते असे आम्हांस वाटते, ते म्हणजे दान आणि स्मरण. पैकी दानाचा इतिहास मोठा आहे. बदामीचे चालुक्य, राष्ट्रकूट इत्यादी राजांच्या ताम्रपटांत सूर्यग्रहणाच्या वा चंद्रग्रहणाच्या पर्वावर भूमी दान दिल्याचे उल्लेख वारंवार येतात. इतके, की ग्रहणांचे गणित करून इतिहाससंशोधक त्या ताम्रपटांचा काळ पडताळून पाहतात. आकाशात प्रकाश उणावला असता पृथ्वीवर कोणी काही तरी द्यावे, ही कल्पना थोर आहे. परंतु तिच्याही अंगास एक डाग लागला. ‘दे दान, सुटे गिराण’ ही आरोळी महाराष्ट्रातील गावागावांतून ज्यांच्या मुखातून निघे, ते बहुधा गावकुसाबाहेर ठेवलेले लोक असत. त्यांना जुने कपडे व मूठभर धान्य दुरूनच टाकले जाई. त्या रात्री चंद्राचे ग्रहण सुटे. पण ज्यांच्या हाती दान पडे त्यांचे ग्रहण दुसऱ्या दिवशीही तसेच राही. तेव्हा दान राहू द्यावे, पण ते वरून टाकलेले नसावे. हात पुढे करणाऱ्यास आपल्या बरोबरीचा मानून, नको असलेल्या वस्तूंतून नव्हे तर हव्या असलेल्यांतून ते द्यावे. दान देऊन चंद्र सुटत नाही, हे आता आपणांस ठाऊक आहे. म्हणूनच असे दान अधिक शुद्ध आहे. त्यात फळाची देवघेव उरली नाही.

राहता राहिले स्मरण. कारण कळल्याने विस्मय ओसरतो, हा जो समज आपण आरंभी पाहिला, त्याची सत्यता आता तपासू. खग्रास चंद्रग्रहणात चंद्र अगदी काळा न होता तांबूस दिसतो. का? पृथ्वीच्या कडेवरील वातावरणातून वाकून जो प्रकाश छायेत शिरतो, त्यातील निळा अंश वाटेतच विखुरतो आणि तांबडा उरतो. म्हणजे त्या घटकेस पृथ्वीवर जेथे जेथे सूर्य उगवत असतो आणि जेथे जेथे मावळत असतो, त्या सर्व उषांचा व संध्यांचा प्रकाश एकवटून चंद्रावर पडलेला असतो. सूर्याचा व्यास चंद्राच्या सुमारे ४०० पट, आणि त्याचे अंतरही सुमारे ४०० पट. म्हणून दोन्ही बिंबे आपणांस सारखी दिसतात आणि खग्रास सूर्यग्रहण घडते. चंद्र दरवर्षी सुमारे ३.८ सेंटिमीटर दूर जात आहे. सुमारे साठ कोटी वर्षांनी खग्रास सूर्यग्रहण पृथ्वीवरून दिसेनासे होईल. जो काळ आपणांस लाभला आहे त्यात हे दृश्य दिसते, हे केवढे भाग्य! हे सारे ठाऊक असलेल्या मनुष्याचे हात अधिकच नम्रतेने जुळावयास नकोत काय? राक्षस चंद्र गिळतो असे मानणारा भिऊन वाकतो. आपल्याच पायांखालच्या पृथ्वीची गोल छाया चंद्रावरून सरकताना पाहणारा, आपण केवढ्या व्यवस्थेतील एक रजःकण आहोत हे जाणून वाकतो. पहिले वाकणे भुकेल्या श्वापदापुढचे आहे, दुसरे देवापुढचे.

२ ऑगस्ट २०२७ रोजी पश्चिम भारतातून खंडग्रास सूर्यग्रहण दिसावयाचे आहे. मंदिराने आपल्या रीतीप्रमाणे पूजा-अभिषेकाची जी व्यवस्था ठेवली असेल ती असो. घरातील व्यवस्था मात्र आपल्या हाती आहे. गर्भवती लेकी-सुनेस वेळेवर जेवू घालावे. मुलांस योग्य गाळणीच्या चष्म्यातून, किंवा छिद्रातून भिंतीवर पडलेल्या प्रतिमेतून, ग्रहण दाखवावे आणि त्याचे कारण त्यांच्याकडूनच ऐकावे. ज्यास उपोषण करावयाचे त्याने करावे, पण दुसऱ्यावर लादू नये. शेजारी कोणाची अडचण असेल तर त्या दिवशी ती निवारावी. आणि एवढे करून घटकाभर आसनावर बसून नामस्मरण करावे. मग नातवाने विचारले की ‘आजोबा, ती तर सावली आहे; तुम्ही का बसलात?’ तर उत्तर देणे अवघड पडणार नाही: ‘होय बाळा, सावलीच आहे. मी भिऊन बसलो नाही. तू मला ती दाखविलीस, म्हणून बसलो आहे.’